खंबीरपणा कुणाच्या जिवावर?

दहावी-बारावीचे निकाल लागले की दुसऱ्या दिवशीच्या वर्तमानपत्रात एक चौकट हमखास असते. धुणीभांडी करणाऱ्या बाईचा मुलगा, नाहीतर वडील गेल्यावर वडापावची गाडी सांभाळून नव्वद टक्के मिळवणारी मुलगी, आणि सोबत आईला पेढा भरवतानाचा फोटो. मथळाही ठरून गेलेला : ‘परिस्थितीवर मात’. बातमी खोटी नसते आणि पोराचं कौतुक व्हायलाच हवं. पण त्या मथळ्याच्या पोटात एक समजूत असते, की ही मात त्याने एकट्याने केली, मनाच्या जोरावर. मग त्याच वस्तीतल्या, त्याच शाळेतल्या ज्या पोरांना ते जमलं नाही, त्यांच्याबद्दलचाही निकाल आपोआप लागून जातो : त्यांचं मन कच्चं. व्याख्यानमालांपासून रोज सकाळी मोबाइलवर येऊन पडणाऱ्या सुविचारांपर्यंत आपला सगळा प्रेरणेचा धंदा या एका समजुतीवर चालतो.

संकटात काही माणसं मोडतात आणि काही तगतात, हे असं का, या प्रश्नाचा शिस्तीत अभ्यास सुरू होऊन साठ-सत्तर वर्षं झाली. मानसशास्त्रज्ञांनी, डॉक्टरांनी आणि अलीकडे अर्थतज्ज्ञांनीही त्यात भर घातली. तो सगळा पसारा एकदा नजरेखालून घातला की वरची समजूत टिकत नाही. मनाचा भाग असतोच. पण माणूस तगतो तो बहुतेक वेळा कुणाच्या तरी आधाराने, कशात तरी गुंतून, आणि पुष्कळदा हातात पडलेल्या चार पैशांच्या जिवावर. आनंदही संकट सरल्यावर मिळायचं बक्षीस म्हणून पुढे कुठेतरी राखून ठेवलेला नसतो. तो वाटेतच लागतो, शिध्यासारखा.

या विषयावर लिहिणारे बहुतेक जण जिथून सुरुवात करतात तिथूनच करू. हवाई बेटांमध्ये काउई नावाचं एक छोटं बेट आहे. ऊसमळ्यांवर राबायला जपान, फिलिपीन्स अशा देशांतून आलेल्या मजुरांची तिथे मोठी वस्ती. १९५५ साली या बेटावर जन्मलेल्या ६९८ मुलांची नोंद एमी वर्नर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी मुलं पोटात असल्यापासून ठेवली आणि ती चाळिशीला येईपर्यंत त्यांचा माग सोडला नाही. यातली सुमारे एक तृतीयांश मुलं जन्मापासूनच कचाट्यात सापडलेली : घरात कमालीची गरिबी, बाळंतपणात गुंतागुंत, बाप दारुडा नाहीतर आई मनाने आजारी, रोजची भांडणं. त्यांच्यातली दोन तृतीयांश पुढे शाळेत मागे पडली, पोलिसांपर्यंत गेली किंवा मनाने खचली. उरलेली मात्र सरळ वाढली. शिकली, कामाला लागली, संसार करू लागली.

या मुलांकडे असं काय होतं? थोडं उपजत होतं, हे मान्य करावं लागतं. तान्हेपणीच ही मुलं हसरी, कुणाकडेही जाणारी होती, असं आयांनी सांगितलं होतं. पण त्यांच्या भोवतीही काहीतरी होतं. आईबाप नावापुरते असले तरी आजी, मावशी, शेजारीण, शाळेतल्या एखाद्या बाई, असं एक तरी माणूस होतं ज्याच्या लेखी ते मूल महत्त्वाचं होतं. वर्नर यांनी नोंदवलेली आणखी एक गोष्ट मला याहून मोलाची वाटते : यांच्यातल्या बऱ्याच जणांवर लहान वयात एखादी खरीखुरी जबाबदारी पडलेली होती. धाकट्या भावंडाला सांभाळायचं, आजारी आईच्या जागी घर बघायचं. आपल्यावाचून कुणाचं तरी अडतं, ही जाणीव त्यातून आली. (हे वाचून बालमजुरीचं समर्थन करायला कुणी पुढे येऊ नये. ओझं आणि जबाबदारी यातला फरक मुलांना बरोबर कळतो.)

काउईच्या अभ्यासाचा दुसरा भाग फारसा कुणी सांगत नाही, कारण तो मथळ्यात बसत नाही. अठराव्या वर्षी वाया गेलेली म्हणून नोंदलेली बरीच मुलं तिशी-चाळिशीत पुन्हा मार्गाला लागलेली होती. कुणाला उशिरा का होईना कॉलेजात प्रवेश मिळाला होता, कुणी सैन्यात भरती झालं होतं, कुणाला समजूतदार जोडीदार मिळाला होता, कुणी चर्चच्या मंडळीत रमलं होतं. दार उघडं होतं म्हणून माणूस आत येऊ शकला. अठराव्या वर्षी जो ‘कच्च्या मनाचा’ होता, त्याचं मन मधल्या काळात कुणी बदलून दिलं नव्हतं.

अॅन मास्टन या अमेरिकी संशोधिकेने २००१ साली या सगळ्या संशोधनाचा हिशेब मांडला, तेव्हा तिचा निष्कर्ष जवळजवळ निराश करणारा होता, म्हणजे ज्यांना रहस्य हवं होतं त्यांना. तगणाऱ्या मुलांत काही अलौकिक सापडत नाही, असं तिने लिहिलं. माया करणारं माणूस, बऱ्यापैकी चालणारी शाळा, स्वतःला आवरायची थोडी सवय, शिकायची संधी : सगळं रोजचंच. ते शाबूत असलं तर मूल पुष्कळ काही पचवतं, आणि ते मोडलं तर मोडतं. रुमानियात १९८९ च्या अखेरीस चाउशेस्कूची राजवट कोसळल्यावर तिथल्या अनाथालयांतली मुलं जगासमोर आली. त्यांच्यापैकी ब्रिटनमध्ये दत्तक गेलेल्या १६५ मुलांवर मायकेल रटर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी पुढची कित्येक वर्षं लक्ष ठेवलं. सहा महिन्यांच्या आत नव्या घरी पोचलेली मुलं बहुतांशी सावरली. त्याहून जास्त काळ अनाथालयात काढलेल्या अनेकांच्या अडचणी, चांगलं घर मिळूनही, तरुणपणापर्यंत टिकल्या. त्यांच्यातल्याही पाचातल्या एकाला कधीच काही त्रास झाला नाही, हे खरं. पण उरलेल्या चौघांना जिद्द कमी पडली असं म्हणायला जीभ रेटणार नाही.

आपल्याकडे अशी मुलं एका पहाटे हजारोंनी उघडी पडली होती. १९९३ सालची ३० सप्टेंबरची पहाट, ३ वाजून ५६ मिनिटं. आदल्या रात्री गणपती विसर्जन करून लातूर आणि उस्मानाबाद जिल्ह्यांतली गावं नुकती झोपली होती. दगड-मातीच्या जाडजूड भिंती आणि डोक्यावर मातीचं वजनदार माळवद. उन्हाळ्यात थंडावा देणारं हे घर भूकंपात मात्र माणसाला गाडून टाकतं. सरकारी आकड्यानुसार जवळपास आठ हजार माणसं गेली. भारतीय जैन संघटनेच्या शांतिलाल मुथांनी त्या भागातली सुमारे बाराशे मुलं पुण्याला आणली आणि त्यांच्या राहण्या-शिकण्याची सोय केली. त्यातली कितीतरी मुलं पुढे पायावर उभी राहिली. त्यांची गोष्ट सांगताना आपण मुलांच्या जिद्दीबद्दल बोलतो तितकंच त्या वसतिगृहातल्या जेवणाच्या वेळांबद्दल, रात्री दचकून उठणाऱ्या पोराजवळ बसून राहणाऱ्या माणसांबद्दल बोलायला हवं.

मोठ्या माणसांच्या बाबतीत चित्र जरा वेगळं आहे, आणि अनपेक्षितही. मृत्यूनंतरच्या शोकाला ठरावीक पायऱ्या असतात, आधी नकार, मग राग, मग घासाघीस, मग खिन्नता, शेवटी स्वीकार, असं आता वर्तमानपत्रांच्या पुरवण्यांतूनही सांगितलं जातं. एलिझाबेथ क्युबलर-रॉस यांनी १९६९ मध्ये हे मांडलं ते स्वतः मरणाच्या दारात असलेल्या रुग्णांबद्दल. मागे राहिलेल्यांवर ते नंतर चढवलं गेलं, आणि जो या पायऱ्या चढत नाही त्याने दुःख ‘दाबून ठेवलंय’ असं समजण्याची रीत पडली. जॉर्ज बोनॅनो यांनी ती मोडून काढली. अमेरिकेत डेट्रॉइटच्या परिसरातल्या वृद्ध जोडप्यांच्या मुलाखती आधीच घेऊन ठेवलेल्या होत्या. पुढे त्यांच्यातला एक जण गेल्यावर मागे राहिलेल्याला पुन्हा भेटलं गेलं. आधीची स्थिती माहीत असल्यामुळे तुलना करता आली. सुमारे ४६ टक्के माणसं जोडीदार गेल्यानंतरही मोठ्या खिन्नतेत कधी गेलीच नाहीत. आठवण यायची, डोळे भरायचे, पण खाणंपिणं, व्यवहार, माणसांत मिसळणं चालू होतं. त्यांचं नातं कोरडं होतं म्हणावं, तर आधीच्या मुलाखतींत तसं काही दिसत नव्हतं.

याच बोनॅनोंनी सहकाऱ्यासोबत आणखी एक गोष्ट तपासली. जोडीदार गेल्याला सहा महिने झालेल्या माणसांना गेलेल्याबद्दल बोलतं केलं आणि त्यांचे चेहरे न्याहाळले. बोलता बोलता जी माणसं मनापासून हसली, डोळ्यांच्या कडा आक्रसून हसली, ती पुढच्या काळात जास्त बरी सावरली होती. हे शोधायला प्रयोगशाळा लागावी याची थोडी गंमत वाटते. आपल्या कुठल्याही सुतकातल्या घरात तिसऱ्या-चौथ्या रात्री काय होतं? चूल बंद असते, शेजारून पिठलं-भात आलेला असतो, सतरंजीवर चुलत-मावस भावंडं आडवी झालेली असतात. मग कुणीतरी गेलेल्या काकांचा लग्नातला फजितीचा किस्सा काढतं. सगळे खुसखुसतात, मग मोठ्याने हसतात, आतल्या खोलीतून काकूच पुढे येऊन किस्सा दुरुस्त करून सांगते, आणि क्षणात सगळे ओशाळून गप्प होतात. त्या ओशाळण्याची गरज नव्हती, एवढंच बोनॅनो सांगतात. लक्ष्मीबाई टिळकांची ‘स्मृतिचित्रे’ अजून वाचली जातात ती याच गुणामुळे. १८९५ मध्ये नवऱ्याने धर्म बदलला, त्यापायी ताटातूट झाली, लोकांचे बोल ऐकावे लागले. आणि हे सगळं सांगताना बाई स्वतःच्या वेंधळेपणावर हसत असतात.

दुःख आणि आनंद एकाच दिवसात शेजारी शेजारी नांदतात, याचा सर्वांत ठसठशीत पुरावा सॅन फ्रान्सिस्कोतून आला. एड्सवर परिणामकारक औषध नव्हतं त्या काळात, मरणपंथाला लागलेल्या जोडीदाराची शुश्रूषा करणाऱ्या पुरुषांचा अभ्यास सुझन फोकमन करत होत्या. प्रश्नावली सगळी ताणाबद्दलची. काही काळाने त्या पुरुषांनीच तक्रार केली : तुम्ही आम्हाला फक्त वाईट काय झालं ते विचारता, आमच्या दिवसात चांगलंही काही घडतं, ते का विचारत नाही? मग तोही प्रश्न घातला गेला. जवळपास प्रत्येक मुलाखतीत जवळपास प्रत्येकाने काहीतरी सांगितलं. आणि ते काय, तर मित्राबरोबरचं जेवण, आजाऱ्याने केलेलं कौतुक, बागेत उमललेलं फूल. यातल्या एकाही गोष्टीने आजार कमी होणार नव्हता. पण उद्याचा दिवस काढायला ती पुरत होती.

इथे एक लोकप्रिय दंतकथा बाजूला सारायला हवी. लॉटरी लागलेला माणूस आणि अपघातात पंगू झालेला माणूस वर्षभराने सारखेच सुखी असतात, असं विज्ञानाने सिद्ध केलंय, हे वाक्य तुम्ही एखाद्या तरी व्याख्यानात ऐकलं असेल. आधार म्हणून १९७८ चा फिलिप ब्रिकमन आणि सहकाऱ्यांचा अभ्यास दिला जातो. तो मुळातून पाहिला तर त्यात लॉटरीवाले होते २२ आणि अपघातग्रस्त २९. पाचपैकी सुखाचे गुण : लॉटरीवाल्यांना ४, शेजारपाजारच्या सामान्य माणसांना ३.८२ आणि अपघातग्रस्तांना २.९६. म्हणजे लॉटरीने फारसं सुख वाढलं नव्हतं हे खरं, पण पाठीचा कणा मोडलेली माणसं इतरांहून स्पष्टपणे कमी सुखी होती. पुढे जर्मनीत हजारो कुटुंबांची वर्षानुवर्षं माहिती गोळा झाली, तेव्हाही हेच दिसलं की गंभीर अपंगत्वानंतर समाधान घसरतं आणि पूर्ववत होत नाही. बेकारीचा डाग तर नोकरी लागल्यावरही पुसला जात नाही. माणसाला सगळ्याची सवय होते, हे सांत्वनाला ठीक आहे. धोरण आखायला घातक आहे. सवय होणारच असेल तर उतार बांधा, नोकरी द्या, ही भानगड हवी कशाला?

मुरलीकांत पेटकरांची कहाणी आता ‘चंदू चॅम्पियन’ चित्रपटामुळे घरोघरी पोचली आहे. सांगली जिल्ह्यातल्या पेठ इस्लामपूरचा हा मुलगा सैन्यात मुष्टियोद्धा होता. १९६५ च्या युद्धात गोळ्या लागून पाय गेले. १९७२ मध्ये जर्मनीतल्या हायडलबर्गला पॅरालिम्पिकमध्ये ५० मीटर पोहण्यात त्यांनी ३७.३३ सेकंदांचा विश्वविक्रम करून सुवर्णपदक आणलं. यातली जिद्द कुणी नाकारणार नाही. पण पोहणं त्यांच्या आयुष्यात आलं ते रुग्णालयातला उपचार म्हणून. तिथे तलाव होता, पाण्यात उतरवणारी माणसं होती, सैन्याची व्यवस्था पाठीशी होती. त्याच काळात बैलगाडीवरून किंवा नारळाच्या झाडावरून पडून कंबरेखाली लुळा झालेल्या माणसाला काय मिळालं असेल? बाजेवर पडून राहणं आणि पाठीला झालेल्या जखमा. आणि पेटकरांनाही पद्मश्री मिळायला २०१८ उजाडावं लागलं. सुवर्णपदकानंतर ४६ वर्षांनी.

आता उपचारांकडे. खचलेल्या माणसाला आपण सहसा काय सांगतो? ‘मन रमव, म्हणजे बरं वाटेल.’ त्यावर त्याचं उत्तर ठरलेलं : ‘बरं वाटलं की रमवीन.’ गोव्यातल्या ‘संगाथ’ या संस्थेने विक्रम पटेल यांच्या पुढाकाराने या पेचावरच काम केलं. राज्यातल्या दहा प्राथमिक आरोग्य केंद्रांत तीव्र नैराश्य असलेल्या जवळपास पाचशे जणांवर एक चाचणी घेतली गेली; तिचे निष्कर्ष २०१७ मध्ये ‘लॅन्सेट’मध्ये आले. निम्म्यांना नेहमीचे उपचार, निम्म्यांना त्याखेरीज सहा ते आठ बैठका. या बैठका घेणारे डॉक्टर नव्हते, मानसशास्त्राची पदवीही त्यांच्याकडे नव्हती. स्थानिक, शिकलेली साधी माणसं, काही आठवड्यांचं प्रशिक्षण घेतलेली.

बैठकीत घडतं ते ऐकायला इतकं साधं आहे की फसवणूक वाटावी. समजा, समोर पन्नाशीची बाई आहे. अंग दुखतं, झोप नाही, कशात लक्ष नाही म्हणून दवाखान्यात आलेली. समुपदेशक तिच्या मनाच्या तळाशी जायच्या मागे लागत नाही. गेल्या आठवड्यात सोमवारी दुपारी काय केलं, मंगळवारी संध्याकाळी काय केलं, तेव्हा कसं वाटत होतं, हे विचारतो. दोघं मिळून पाहतात की बाईने देवळात, चर्चमध्ये जाणं सोडलंय, बाजाराला सून जाते, शेजारणीकडे बसणं बंद झालंय. मग यातली एकच गोष्ट निवडायची. सगळा बाजार नको. गुरुवारी चार वाजता कोपऱ्यावरच्या दुकानातून नारळ आणायचा. मन असो नसो, जायचं. पुढच्या बैठकीत विचारायचं, गेलात का, कुणी भेटलं का, परत येताना कसं वाटलं. अडलं असेल तर काय आडवं आलं ते पाहायचं : नवऱ्याची दारू, पैशाची चणचण, सुनेशी अबोला. त्यावर व्यवहारी तोड काढायची. तीन महिन्यांनी या गटातल्या ६४ टक्के लोकांचं नैराश्य ओसरलेलं होतं; नुसत्या नेहमीच्या उपचारांच्या गटात ३९ टक्क्यांचं. आधी मन आणि मग काम, हा आपला क्रम इथे उलटा चालतो. पाय आधी उचलायचा, मन मागून येतं, कधी कुरकुरत, कधी अजिबात येत नाही. शंभरातल्या छत्तीस जणांचं आलं नव्हतं, हेही विसरू नये.

याच्या उलट टोकाचा एक उपाय एके काळी फार चालला. अपघात, स्फोट, दरड असं काही घडलं की वाचलेल्यांना लगेच बसवायचं आणि काय पाहिलं, काय वाटलं, ते सविस्तर बोलून मोकळं करायचं. २००२ पर्यंत झालेल्या चाचण्या एकत्र करून पाहिल्या, तेव्हा अशा एका बैठकीचा फायदा दिसला नाही. काहींचं तर नुकसानच झाल्याची चिन्हं होती. आता जागतिक आरोग्य संघटना सांगते ते वेगळं : पाणी, पांघरूण, घरच्यांचा ठावठिकाणा, शांतपणे सोबत, बोलावंसं वाटलं तर ऐका, खोदू नका. दरड कोसळल्यावर माळीणच्या चिखलापाशी २०१४ मध्ये आणि इर्शाळवाडीच्या पायथ्याशी २०२३ मध्ये वाचलेल्यांच्या तोंडासमोर माइक धरून ‘आता काय वाटतंय?’ विचारणाऱ्या वार्ताहरांच्या कानावर हे कुणी घातलं तर बरं होईल.

लातूर-उस्मानाबादच्या भूकंपाकडे पुन्हा वळायचं कारण तिथल्या बायका. भूकंपानंतर जागतिक बँकेच्या कर्जातून मोठा पुनर्वसन कार्यक्रम आखला गेला. बावन्न गावं नव्या जागी उठवली. बाकीच्या शेकडो गावांत पडझड झालेली घरं मालकांनीच दुरुस्त करायची होती, सरकार पैसे आणि तांत्रिक सल्ला देणार होतं. पण लोकांपर्यंत हे पोचवणार कोण? प्रेमा गोपालन यांच्या ‘स्वयम् शिक्षण प्रयोग’ संस्थेने यासाठी गावातल्याच बायका पुढे आणल्या. ‘संवाद सहायक’ असं त्यांचं पद. तोवर उंबऱ्याबाहेर फारसं न बोललेल्या या बायका इंजिनिअरला विचारू लागल्या की भिंतीत आडवा पट्टा का घालायचा, सिमेंटचं प्रमाण किती, हप्ता कुठे अडकला. ज्यांची स्वतःची माणसं ढिगाऱ्याखाली गेली होती अशाही त्यांच्यात होत्या. २००१ मध्ये कच्छला भूकंप झाला, तेव्हा लातूर-उस्मानाबादच्या बायका तिकडे गेल्या आणि तिथल्या बायकांजवळ बसल्या. मोडक्या हिंदीत, हातवारे करून. काउईच्या मुलांबद्दल वर्नर जे सांगत होत्या त्याचाच हा मोठ्या माणसांतला नमुना मला वाटतो : कुणाला तरी आपली गरज आहे.

उठवलेल्या गावांची गोष्ट इतकी गोड नाही. घरं भूकंपाला टिकतील अशी पक्की, रस्ते सरळ आणि रुंद, प्लॉट ऐसपैस. पण जुन्या गावातली आळी गेली, भिंतीला भिंत लागून असलेली घरं गेली, ओसरीवरून ओसरीवर हाक मारायची सोय गेली. आधाराची माणसं चालत जायच्या अंतरावर होती, ती नकाशात लांब गेली. चिवटपणा मातीच्या भिंतीत नव्हता, पण त्या भिंतींच्या जवळिकीत होता, हे आराखडा काढणाऱ्यांच्या लक्षात यायला वेळ लागला.

एकत्र येण्यातून मिळणाऱ्या बळावर कमी लिहिलं गेलंय असं मला वाटतं. प्रयागच्या माघमेळ्यात महिनाभर गंगेच्या वाळूत राहणाऱ्या कल्पवासींचा अभ्यास भारतीय आणि ब्रिटिश मानसशास्त्रज्ञांनी २०१२ मध्ये प्रसिद्ध केला. कडाक्याची थंडी, रात्रंदिवस कर्णे, पहाटे गारठ्यात स्नान. वयस्क माणसांनी आजारीच पडावं. पण मेळ्याआधी आणि मेळ्यानंतर विचारलं तेव्हा, गावीच राहिलेल्या त्यांच्या शेजाऱ्यांच्या तुलनेत कल्पवासींची तब्येत आणि मन दोन्ही सुधारल्याचं त्यांनी स्वतः सांगितलं. आषाढीची वारी केलेल्या कुणालाही यात नवल वाटणार नाही. वारीत दुःखाची चौकशी कुणी करत नाही. टाळ हातात देतात आणि पावलं जुळवून घेतात.

जात्यावरच्या ओव्याही इथेच येतात. हेमा राईरकर आणि गी पॉइत्वँ यांनी महाराष्ट्रातल्या हजारभर गावांतून लाखाहून जास्त ओव्या जमवल्या; आता त्या ‘परी’ या संकेतस्थळावर ऐकायलाही मिळतात. त्यांत सासुरवास आहे, सीतेचा वनवास आहे, भावाची वाट पाहणं आहे, विठ्ठल आहे, बाबासाहेब आहेत. पहाटे दळताना बाई एकटी नसायची. खुंट्याला दुसरी बाई असायची आणि एकीची ओळ दुसरी उचलायची. गिरण्या आल्या आणि मनगटांची सुटका झाली, ते चांगलंच झालं. पहाटेच्या त्या सोबतीची जागा कशाने घेतली, हा प्रश्न मात्र राहतो. बचतगटाच्या बैठकीने थोडी घेतली. टीव्हीवरच्या मालिकांनी बरीच घेतली, आणि मालिकेला आपली ओळ जोडता येत नाही.

मनाच्या ताकदीचं स्तोम कुठवर जातं ते बार्बरा एरेनराइच या अमेरिकी लेखिकेने लिहून ठेवलंय. स्तनाच्या कर्करोगाचं निदान झाल्यावर गुलाबी फिती, टेडी आणि ‘कर्करोगाने मला घडवलं’ छापाच्या कबुल्या पाहून ती वैतागली. तिने राग व्यक्त केला तेव्हा इतर रुग्णांनीच तिला झापलं : असा विचार करशील तर बरी होणार नाहीस. त्यात तथ्य किती? जेम्स कॉइन आणि सहकाऱ्यांनी २००७ मध्ये डोकं-मानेचा कर्करोग झालेल्या १,०९३ रुग्णांची माहिती तपासली. मनाची उभारी आणि आयुष्याची लांबी यांचा संबंध सापडला नाही. आपल्याकडे रुग्णालयात शहाळं घेऊन येणारा प्रत्येक पाहुणा ‘पॉझिटिव्ह राहा’ असं बजावून जातो. केमोने जीव नकोसा झालेल्या माणसावर त्यामुळे आणखी एक काम येऊन पडतं, हसतमुख दिसण्याचं. मोठ्या आघातानंतर आपण जास्त शहाणे झालो असं अनेक जण सांगतात आणि त्यांना तसं खरंच वाटतही असेल. पण आघाताआधी आणि नंतर मोजून पाहिलेल्या अभ्यासात हा सांगितलेला बदल आणि मोजलेला बदल फारसे जुळले नाहीत.

राहता राहिला पैसा. मनाच्या पुस्तकांत तो सहसा येतच नाही. केनियात गरीब कुटुंबांना कसलीही अट न घालता रोख रक्कम दिली गेली, तेव्हा त्यांचं खाणं सुधारलं तसं मनही सुधारलं. इंडोनेशियात सरकारने टप्प्याटप्प्याने रोख मदतीची योजना लागू केली. जिथे ती पोचली तिथे आत्महत्या सुमारे १८ टक्क्यांनी घटल्या, असं अर्थतज्ज्ञांना दिसलं. पीक बुडाल्याच्या वर्षी हा फरक जास्त होता. हे वाचल्यावर विदर्भाची आठवण आली नाही असा मराठी वाचक नसेल.

विदर्भात समुपदेशनाचं कामही झालं आहे, आणि चांगलं झालं आहे. ‘संगाथ’नेच अमरावती भागातल्या तीस गावांत ‘विश्राम’ प्रकल्प चालवला. गावातलेच कार्यकर्ते, घरोघरी भेटी, छोट्या बैठका. नैराश्य असलेल्यांपैकी मदत घेणाऱ्यांचं प्रमाण दीड वर्षात ४.३ टक्क्यांवरून २७.२ टक्क्यांवर गेलं. म्हणजे लोक मनाचं दुखणं लपवतातच, असं नाही. दाराशी ओळखीचं माणूस आलं तर बोलतात. पण बोलून झाल्यावर तो शेतकरी ज्या घरात परत जातो तिथे सावकाराचा निरोप आलेला असतो.

आणि त्याने आत्महत्या केली तर मागे राहणाऱ्या बाईचा खंबीरपणा मोजायला कागद लागतात. २००६ पासून ठरलेली सरकारी मदत एक लाख रुपये. त्यातले तीस हजार हातात, सत्तर हजार ठेवीत. तीही प्रकरण ‘पात्र’ ठरलं तर. जमीन नवऱ्याच्या नावावर हवी, कर्ज बँकेचं किंवा परवाना असलेल्या सावकाराचं हवं, ते थकलेलं हवं. बापाच्या नावावरची जमीन कसणारा, खासगी उसनवारीत बुडालेला माणूस मरूनही ‘अपात्र’ असतो. महिला किसान अधिकार मंचाने २०१८ मध्ये विदर्भ-मराठवाड्यातल्या अशा ५०५ बायकांशी बोलून अहवाल तयार केला. ज्या शेतात त्या राबत होत्या त्यावर ४० टक्के बायकांचं नाव लागलेलंच नव्हतं. सातबाऱ्यावर नाव नाही म्हणून पीककर्ज नाही, विमा नाही, गारपिटीची भरपाई नाही. तरीही यातल्या बहुतेक जणी शेती करत होत्या, पोरांना शाळेत पाठवत होत्या. उद्या त्यांच्यातल्या एखादीच्या मुलीचा फोटो निकालाच्या दिवशी छापून येईल, तेव्हा वार्ताहराने तिला जिद्दीचं रहस्य विचारण्याआधी तलाठ्याकडे तिच्या आईचा वारस फेरफार कितव्या वर्षी मंजूर झाला, ते विचारून घ्यावं.